मान कुणासाठी हलली

सकाळपासून डेल्मिराने तीनदा केस बांधले नि तीनदा सोडले. टँगोचा सिनेमा, आणि त्यात ती! दिग्दर्शकाला नाचणारी माणसं खरीखुरी हवी होती, म्हणून ब्वेनोस आयरेसमधल्या त्यांच्या वस्तीच्या क्लबातली चाळीस जणं आज स्टुडिओत आली होती.

पण तिचा जीव अडकला होता तो अन्सेल्मोच्या एका वाक्यात. छापखान्यातला हा अन्सेल्मो शनिवारी क्लबात डेल्मिरा आणि तिची मैत्रीण इर्मा यांच्यासमोर म्हणाला होता, "सिनेमात जिच्याशी नाचेन, तिच्याशीच लग्न करणार. पुरावाच राहील, मग पळायची सोय नाही!"

"तुझ्यापासून तीच पळेल रे!" इर्मा खिदळली होती. डेल्मिरा मात्र लाल झाली होती. लागोपाठ आठ शनिवार तो तिच्याशी नाचला होता. आणखी कुणाला म्हणणार?

"क्लबात करता तसंच करा," दिग्दर्शक ओरडला. तसंच म्हणजे बायका खुर्च्यांवर, पुरुष समोर. तोंडाने विचारायचं नाही. त्याने नजर देऊन मान किंचित हलवायची, तिनेही हलवायची आणि उठायचं. फक्त क्लबात खुर्च्यांची एकच रांग असायची. इथे कॅमेऱ्यासाठी दोन केल्या होत्या. इर्मा डेल्मिराच्या बरोब्बर मागे बसली होती.

तबकडी लागली. अन्सेल्मोने पाहिलं, मान हलवली. डेल्मिरा उठली. अशी उठली, की आता जन्मभर बसायचंच नाही! तो हसत आला, हात पुढे केला, आणि तो हात तिच्या खांद्याजवळून मागे गेला. इर्माच्या हातात.

डेल्मिरा मधोमध एकटी उभी राहिली.

"कट! वा गं पोरी, काय केलंस!" दिग्दर्शक धावत आला. "हे कुणी शिकवलं तुला? हेच ठेवायचं. चला, परत!"

परत म्हणजे आणखी तीनदा. दिवा हलला, परत. तबकडी अडकली, परत. दर वेळी ती उठायची, दर वेळी तो हात बाजूने जायचा. तिसऱ्या वेळी इर्मा मागून कुजबुजली, "डेल्मि, तू खरंच... मला वाटलं आमचं तुला ठाऊक होतं गं. मी सांगू का त्यांना, बास म्हणून?"

"गप बस. पावडर ओघळेल तुझी."

चौथ्या वेळी अन्सेल्मोचंही हसू मावळलं. कळलं होतं त्यालाही.

पाचव्यांदा तबकडी लागली. अन्सेल्मोने पाहिलं. या वेळी नजर मागे गेलीच नाही. सरळ तिच्याच डोळ्यांत आली, ओशाळलेली, आणि मान हळूच हलली. मागे इर्माने श्वास रोखला.

डेल्मिराने मान खाली घातली. जागची हललीसुद्धा नाही.

"कट! अगं, उठ ना! झोपलीस का?"

"नाही उठणार."

"का पण? एवढं छान चाललं होतं!"

"या वेळी तो मला बोलावत होता, साहेब," ती म्हणाली, आणि आपली खुर्ची इर्मासमोरून बाजूला सरकवली.