कोर्टातली तडजोड

वकिलाचा फोन आला तेव्हा मी पपईला पाणी देत होतो. भाग्येश माझा शाळेपासूनचा मित्र, आता शहाद्याला वकिली करतो. म्हणाला, "योगेंद्र, चारूवहिनी तडजोडले तयार शे. सोमवारे अकराले कोर्टमा ये."

मी चिखलातच उभा राहिलो. माझी बायको चारुलता अडीच वर्षं विसरवाडीला माहेरी होती, आणि अडीच वर्षं मी घरात शिरलो की आधी तिच्या चपलांच्या जागेकडे बघायचो. घटस्फोटाचा दावा मीच टाकला होता. मला घटस्फोट नको होता हो! पण नोटीस गेली की बाई धावत येते, असं उंटावरून शेळ्या हाकणाऱ्या चार जणांनी सांगितलं आणि मी ऐकलं. हात दाखवून अवलक्षण, दुसरं काय. ती आली नाही, तिचं लेखी उत्तर आलं. 'मला नांदायचं आहे, पण हे महिना महिना माझ्याशी बोलत नाहीत.' खोटं नव्हतं ते. राग आला की मी गप्प बसतो, आणि मला राग फार येतो.

आमच्या गावात तडजोड म्हणजे एकच. चार माणसं ओट्यावर बसतात, दोघांनाही खडसावतात, चहा होतो आणि संध्याकाळी बाई सासरी येते. आईला सांगितलं तर ती लगेच चारूची खोली झाडायला उठली. सोमवारी मी दाढी केली, मोटरसायकल धुतली आणि मागची सीट कोरड्या फडक्याने पुसली.

कोर्टाच्या व्हरांड्यात भाग्येशने कागद हातात दिला. 'उभयतांनी आपसांत तडजोड केली असून परस्पर संमतीने विवाह संपुष्टात आणण्यास त्यांची हरकत नाही.' मी दोनदा वाचला.

"हाई काय शे?"

"तडजोड," तो म्हणाला. "आते भांडन नही, आरोप नही. तुले पाहिजे व्हतं तेच."

चारुलता बाजूच्या बाकावर बसली होती. वाळली होती. "तुम्हीच तं मांगेल व्हतं," ती हळूच म्हणाली.

मला हे नको, असं तेव्हाच सांगता आलं असतं. पण मला राग आला. देतेस का? दे मग. मी सही केली.

आत न्यायाधीश बाईंनी आधी मला विचारलं, "पुन्हा एकत्र राहण्याची काही शक्यता आहे का? विचार करून सांगा."

त्यांना घाई नव्हती. चारुलता सरळ माझ्याकडे बघत होती. तिने आधी बोलावं, एवढंच मला हवं होतं. पण प्रश्न मला विचारला होता.

"नाही, मॅडम," मी म्हणालो.

तिने मान खाली घातली. "माझंही तेच," ती म्हणाली.

बाहेर मी गाडीजवळ उभा होतो. ती समोरून आली आणि थांबली.

"गाडी धुयेल दिखस."

"हां."

तिने पुसलेल्या सीटकडे पाहिलं, मग माझ्या दाढीकडे. तिच्या लक्षात आलं. मग ती बसस्टँडकडे चालू लागली. फाटकापर्यंत बरंच अंतर होतं, हाक मारायला पुष्कळ वेळ होता. मी गाडीला किल्ली लावली.

लोणखेड्यावरून पुढे गावापर्यंत मी गाडी सावकाश चालवली, जणू मागे कुणी बसलंय. इतकं एकटं मला अडीच वर्षांत वाटलं नव्हतं. तोवर निदान दावा तरी चालू होता.

आई उंबऱ्यात उभी होती. एका हातात पाण्याचा तांब्या, दुसऱ्या हातात सुनेवरून उतरवून टाकायला भाकरीचा तुकडा.

"तडजोड व्हयनी ना?"

"व्हयनी."

"मंग चारू कोठे शे?"

"आई, कोर्टनी तडजोड येगळी ऱ्हास. तठे येगळं व्हवाले तडजोड म्हनतस."

तिला समजायला वेळ लागला. तांब्या तिने खाली ठेवला.

"एकत्र ऱ्हातस का, आसं कोनी इचारं नही?"

"इचारं."

"मंग नही कोन म्हने? ती?"

अडीच वर्षं सगळ्या गावाला मी तिचीच चूक सांगत आलो होतो.

"मी," मी म्हणालो.

आई दारातून बाजूला झाली. भाकरीचा तुकडा तिच्या हातातच होता.