परीक्षेत लिहिलेलं नाव

अत्तराच्या कारखान्यात तीस वर्षं नाकाच्या जोरावर नोकरी केलेल्या मामाला वास येईनासा झाला. तपासण्या झाल्या आणि डॉक्टरांनी कागदावर लिहिलं: एस्थेसिओन्यूरोब्लास्टोमा.

"म्हणजे काय हो?" मामीने विचारलं.

"वासाच्या मज्जातंतूंच्या कोवळ्या पेशींची गाठ. कॅन्सरच, पण फार दुर्मिळ."

"बघ, आजारसुद्धा माझा चारचौघांसारखा नाही," मामा म्हणाला.

मामी हसली नाही. "यातून बरे झालेले किती जण पाहिलेत तुम्ही?"

डॉक्टरांनी चष्मा पुसला. "हे नाव मी परीक्षेत एकदा लिहिलं होतं. त्यानंतर आजच."

मग त्यांनी शेजारचे दोन डॉक्टर बोलावले. त्या दवाखान्यात पेशंटला जेमतेम दोन मिनिटं मिळत. हे दोघे मात्र खुर्च्या ओढून निवांत बसले, तेव्हा मामाचं हसू मावळलं.