माणूस चोख होता

पडदेवाल्याला हॉटेलवाल्याला तुरुंगात घालायचं नव्हतं, असं म्हटलं तर ते खोटं ठरेल. घालायचंच होतं. हॉटेलवाल्याने सगळ्या खोल्यांचे पडदे शिवून घेतले, लावून घेतले, आणि बिलाचा विषय निघाला की "पुढच्या महिन्यात बघू" म्हणू लागला. मग एक दिवस हॉटेललाच टाळं लागलं. कापडासाठी काढलेलं कर्ज मात्र चालूच राहिलं, आणि त्याला तारण होतं मेहुण्याचं राहतं घर. बायकोच्या या धाकट्या भावाने काही न विचारता सही केली होती. ते घर वाचवायचं, एवढंच आता पडदेवाल्याच्या डोक्यात होतं.

"दिवाणी दावा लावलात तर निकाल नातवंडं ऐकतील," वकील म्हणाला. "फसवणुकीची केस टाकू. दोन रात्री कोठडीत काढल्या की गृहस्थ आपल्या पायांनी पैसे घेऊन येईल."

पडदेवाल्याला ते पटलं. घर जायची वेळ आलेल्या माणसाला काहीही पटतं. कोठडीत बसलेला हॉटेलवाला डोळ्यांपुढे आणून त्याला काही दिवस अन्नही गोड लागलं.

पण हॉटेलवाला कोठडीत गेलाच नाही. जामीन झाला, तारखा पडत राहिल्या, वर्षं गेली. मेहुणा आधी प्रत्येक तारखेला बरोबर यायचा, नंतर येईनासा झाला. घरी बायकोचं एकच पालुपद. "तुम्हाला माणूस ओळखताच येत नाही. कुणीही यावं आणि टोपी घालून जावं." हे त्याला फार झोंबायचं. नुसता हात फिरवून कापड धुतल्यावर किती आटेल ते सांगणारा हा माणूस. त्याला गिऱ्हाईक ओळखता येत नाही म्हणजे काय?

ते झोंबलेलं नेमकं साक्षीच्या पिंजऱ्यात बाहेर आलं.

"आधीही यांची कामं केली होतीत?" समोरच्या वकिलाने गोड आवाजात विचारलं.

"पुष्कळ."

"पैसे मिळाले?"

हो म्हणून गप्प बसायचं, असं त्याच्या वकिलाने बजावून ठेवलं होतं. पण आपण बावळट नाही, हे एकदा कुणापुढे तरी सांगायचंच होतं त्याला. "वेळेवर मिळाले. कधी मागावे लागले नाहीत. साहेब, मी ऊठसूट कुणालाही उधार देत नाही. माणूस चोख होता. धंदा बसला तेव्हा अडकला."

त्याच्या वकिलाने मान खाली घातली.

न्यायाधीशांनी निकाल समजावून सांगितला, तोही रागावून नाही. माल घेतानाच पैसे बुडवायचं मनात असेल, तर ती फसवणूक. घेताना द्यायचं मनात होतं आणि पुढे जमलं नाही, तर ते नुसतं देणं. त्यासाठी दिवाणी कोर्ट आहे. वसुलीसाठी कुणाला गुन्हेगार ठरवता येत नाही.

जिन्यात हॉटेलवाला भेटला. तो तोंड चुकवून गेला असता तर बरं झालं असतं, निदान शिवी तरी देता आली असती. तो थांबला. "काही उरलं असतं तर आधी तुम्हालाच दिलं असतं," म्हणाला. ते खरं होतं, आणि खरं होतं म्हणूनच पडदेवाल्याला जास्त लागलं.

तसाच तो दिवाणीच्या वकीलबाईंकडे गेला. बाईंनी कागद चाळले. "दाव्याची मुदत केव्हाच संपली."

"पण मी इतकी वर्षं कोर्टातच होतो की."

"चुकीच्या कोर्टात होतात," बाई हळू आवाजात म्हणाल्या.

मेहुण्याकडे जायला त्याने मुद्दाम लांबचा रस्ता धरला. घरातली कपाटं रिकामी झाली होती, भांडी खोक्यांत भरून ठेवली होती. मेहुणा एका खोक्याला दोरी बांधत होता. पडदेवाल्याने उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. आपण कोर्टात काय बोललो तेही सांगितलं. लपवण्यासारखं आता उरलं तरी काय होतं?

मेहुण्याने आधी गाठ पक्की केली.

"म्हणजे त्याने तुम्हाला फसवलं नाही," तो म्हणाला. "आणि भाऊजी, तुम्ही मला फसवलं नाहीत, ते तर मला ठाऊकच आहे."

"नाही रे, तुझी शपथ."

"मग माझं घर कुणी घेतलं, तेवढं सांगा."