जगात चौदाशे सदतिसावी

तेजलच्या नावापुढे चौदाशे सदतीस हा आकडा लागायला सात वर्षं लागली. एरवी ती तारापूरच्या एका कारखान्याच्या प्रयोगशाळेत बाटल्यांतलं पाणी तपासायची, आणि सुट्टी जोडून मिळाली की वसईला नाहीतर डहाणूला बुद्धिबळाच्या स्पर्धेत जाऊन, पाय जमिनीला न टेकणाऱ्या पोरांकडून हरून यायची. रेटिंगवाल्या खेळाडूंशी झुंजून त्यांच्याकडून पुरेसे गुण काढावेत, तेव्हा कुठे जागतिक संघटनेच्या यादीत आपल्या नावापुढे आकडा चढतो. तो चढला त्या दिवशी ती शिफ्टच्या बसमधून कुंभवलीच्या नाक्यावर उतरली, घरी आली, सासऱ्यांना म्हणाली, "बाबा, आलं. चौदाशे सदतीस." आणि चहा टाकायला आत गेली.

तिथेच चुकलं. बाहेर थांबून दोन शब्द समजावून सांगितले असते तर पुढचं काही घडलं नसतं. चहा घेऊन ती ओटीवर आली तेव्हा रामनाथबाबांची खुर्ची नुसतीच हलत होती.

रामनाथबाबा कारखान्यातून फिटर म्हणून निवृत्त झालेले. सून बुद्धिबळ खेळते म्हटल्यावर त्यांनी मोबाइलवरून जगातल्या खेळाडूंची माहिती गोळा करायचा नाद लावून घेतला होता, आणि ती सगळी ते देवूच्या सलूनमध्ये रिकामी करत. आनंद हा आपल्या देशाचा पहिला ग्रँडमास्टर, अठ्ठ्याऐंशी सालचा. लास्कर नावाचा एक जर्मन सत्तावीस वर्षं जगज्जेता होता. इथवर खरं. मग बाबा आपल्या पदरचं घालत, की एवढी वर्षं तो खुर्चीवरून उठला नाही, भावाच्या लग्नाच्या अक्षतासुद्धा त्याने बसल्या जागेवरून टाकल्या. गिऱ्हाईक मान हलवू शकत नसे, कारण मानेवर देवूचा वस्तरा असे. त्यामुळे बाबांच्या गोष्टींना आजवर कोणी हरकत घेतलेली नव्हती.

त्या संध्याकाळी बाबांनी सलूनच्या पायरीवरूनच जाहीर केलं, की आमची सून जगात चौदाशे सदतिसावी आली. देवूने वस्तरा खाली ठेवला. खुर्चीत भाग्येश होता, अर्ध्या गालाला साबण. भाग्येशला पुढच्या निवडणुकीत सरपंच व्हायचं होतं आणि कुणाची म्हैस व्याली तरी तो बॅनर लावायचा. जगात माणसं किती, त्यात आपली आळी केवढी, असा हिशेब करत तो तसाच, अर्धी दाढी ठेवून, बोईसरला बॅनर छापायला गेला. दिवेलागणीला नाक्यावर तेजल उभी होती, लग्नातल्या फोटोतून कापून काढलेली, नाकात नथ, आणि शेजारी तिच्या दुप्पट आकाराचा भाग्येश. खाली सोनेरी अक्षरांत: जगात १४३७ वी.

तेजलने दुसऱ्या दिवशी सलूनमध्ये जाऊन सगळ्यांना समजावलं. हा नंबर नव्हे, हे मार्कांसारखं असतं, जितकं जास्त तितकं चांगलं. लोकांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग भाग्येशने विचारलं, की सगळ्यात मोठा खेळाडू कोण. तिने कार्लसनचं नाव घेतलं. त्याचा आकडा सांगायला मात्र रामनाथबाबाच पुढे सरसावले, त्यांना असली माहिती तोंडपाठ. अठ्ठावीसशे ब्याऐंशी, आजवर याच्या वर कोणी गेलेलं नाही.

देवूने वस्तरा पट्ट्यावर घासत हिशेब केला. मग सावकाश म्हणाला, "म्हंजे तो आपल्या तेजलच्या मागं हाय."

झालं. त्यानंतर तेजलने मार्कांचं, टक्क्यांचं, क्रिकेटच्या धावांचं, जमेल ते उदाहरण दिलं. जितकं समजावावं तितकी ती लोकांना नम्र वाटू लागली. एवढ्या मोठ्या माणसाला मागे टाकलं तरी पोरीला गर्व नाही, अशी सरावलीपर्यंत ख्याती झाली.

दोन महिन्यांनी ती वसईला छान खेळली आणि आकडा चौदाशे एकसष्टवर गेला. शेजारच्या बायका पदर सावरत आल्या, सासूबाईंचा हात हातात घेऊन बसल्या, चहा नको म्हणाल्या. चोवीस जागा खाली घसरणं म्हणजे काही थोडं नाही. भाग्येशने बॅनर उतरवून बकऱ्यांच्या गोठ्यावर घातला. पुढच्या स्पर्धेत तेजल सडकून हरली, चौदाशे बारावर आली, तशी आळीत पेढे वाटले आणि बॅनर धुऊन परत नाक्यावर गेला. तिने त्या रात्री नवऱ्याला, विनोदला, विचारलं की आपण बोईसरला भाड्याने खोली घेऊ या का. तो म्हणाला, तिथेही बॅनर लागलाय.

आता चौदाशेचं असं असतं, की त्याच्या खाली गेलं की आकडाच काढून घेतात. माणूस पुन्हा रेटिंग नसलेल्यांत जमा, पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. तेजलला त्या आकड्याची धास्ती बसली होती. पालघरच्या स्पर्धेला तिने कारखान्यातून हातापाया पडून रजा काढली आणि दात-ओठ खाऊन खेळली. रविवारी शेवटची फेरी उरली. हिशेब सरळ होता. जिंकायचीही गरज नव्हती, डाव बरोबरीत सुटला तरी चौदाशेच्या वर तग धरता येत होता. हरली तर संपलं.

रविवारी सकाळी ती घाईघाईने नाक्यावर आली, तर रस्त्यात आडवा टेम्पो, त्यावर मंडप, आणि मंडपात तिच्या सत्काराची खुर्ची. जाता जाता फक्त नारळ घे, म्हणाले. नारळानंतर शाल आली. शालीनंतर भाग्येश बोलायला उभा राहिला. त्याने आळीच्या गटारापासून सुरुवात केली तेव्हाच तेजलने मोबाइलवर वेळ पाहिली. उठावं तर समोर आया-बाया आरतीची तबकं घेऊन वाट अडवून उभ्या, आणि सगळ्यांच्या डोळ्यांत तिच्याबद्दल इतकी माया, की कोणाला ढकलून जावं असंही होईना.

ती शेजारी बसलेल्या सासऱ्यांच्या कानाशी वाकली. "बाबा, घड्याळ लावलं असेल तिथे. माझा वेळ चाललाय. तुम्ही सांगा ना त्यांना."

रामनाथबाबांनी उपरण्याचं टोक हातात घेतलं. मग हळूच म्हणाले, "मला समजलंय, पोरी. आकडा वाढाया पायजे. मी मोबाइलात नीट वाचलं."

"कधी?"

"लई दिस झाले. पन तवर या सत्काराच्या ढोलवाल्यांना सांगून झालं होतं." त्यांनी उपरण्याने तोंड पुसलं. "दोनदा सांगून बघितलं देवूला. तो म्हनाला, काका, तुमी पन सुनेसारखेच."

भाग्येश गटारावरून स्मशानभूमीच्या शेडपर्यंत पोचला होता.

रिक्षा पालघरला सभागृहापाशी पोचली तेव्हा उशिरा येणाऱ्यांना दिलेली मुदत संपायला जेमतेम मिनिट उरलं होतं. ते संपलं असतं तर बरं, असं तेजलला नंतर कितीदा वाटलं, कारण न खेळलेल्या डावाचा आकड्यावर परिणाम होत नाही. पण ती धावत आत गेली. समोर दोन वेण्यांची एक मुलगी पाय हलवत बसली होती. तेजलच्या खांद्यावर शाल तशीच, कपाळावर कुंकवाचा मळवट, पटावर दोन अक्षता पडल्या. मुलीने त्या उचलून बाजूला ठेवल्या. डाव चांगला चालला होता, अगदी बरोबरीपर्यंत आला होता. मग वेळ संपत आला, तेजलचा हात घाईत उंटाला लागला, हात लागला की तेच मोहरं हलवावं लागतं, आणि हत्ती मेला, मागोमाग डावही.

पुढच्या महिन्याच्या यादीत तिच्या नावापुढे आकडा नव्हता. ही बातमी देवूच्या मोबाइलवर आधी पोचली. आळीत बराच खल झाला. चौदाशे एकसष्ट, चौदाशे बारा, आणि आता काहीच नाही. भाग्येशने विचार करून निकाल दिला, की एक नंबरच्या पुढे गेलं की नंबर देणार तरी कुठून.

मिरवणूक झाली. नव्या बॅनरवर आकड्याच्या जागी मोठा सोनेरी गोल होता, आतून कोरा, आणि माणसं त्या कोऱ्या गोलाजवळ उभी राहून फोटो काढून घेत होती. टेम्पोत तेजल गळ्यापर्यंत हारात. शेजारी रामनाथबाबा.

"परत आनता येतो काय गं आकडा?" त्यांनी विचारलं.

"येतो. परत तेवढी वर्षं."

"मग आन. आला की माझ्या एकट्याच्या कानात सांग."

तिने मान हलवली. तेवढ्यात देवू टेम्पोच्या फळीला लोंबकळत जवळ आला, गुलालाने लाल झालेला. ढोलाच्या वर आवाज काढून त्याने विचारलं, "काका, त्या कार्लसनचा नंबर कवा जानार वो?"

रामनाथबाबांनी सुनेकडे पाहिलं. ती कोऱ्या गोलाकडे बघत होती.

"त्याला," बाबा म्हणाले, "अजून लई वेळ हाय."