बिघडलेले शॉट

तिने हेडफोन आईच्या कानांवर नीट बसवला आणि आवाज थोडा वाढवला. पडद्यावर रिकाम्या स्वयंपाकघराची भिंत होती. कपाट काढल्यावर उरलेला फिकट चौकोन, खिळ्यांची भोकं, बाकी काही नाही.

"मला भिंत नको गं. यांचा आवाज ऐकव," आई म्हणाली.

आवाजाचंच तर दुखणं होतं. घर विकलं, सामान हललं, तेव्हा या दिग्दर्शक लेकीच्या डोक्यात फिल्मचं खूळ शिरलं होतं. माणसं नकोत, संवाद नकोत, राहून गेलेल्यांच्या नुसत्या खुणा हव्यात. किल्ल्या बाबांकडे, म्हणून शूटिंगला बाबाही आले. आणि बाबांच्या तोंडाला कुलूप कधी नव्हतंच. कॅमेरा एखाद्या डागावर स्थिरावला की यांचा पट्टा सुरू. पंख्याचा आकडा बसवताना मेव्हण्याने काय घोळ घातला, दाराचा हा टवका तुझ्याच तीनचाकीने कसा उडवला...

"बाबा, शॉट बिघडला. जरा गप्प बसा ना!"

बिघडलेला प्रत्येक शॉट तिने तिथल्या तिथे पुसून टाकला. कार्डावर जागा हवी होती. फिल्म अगदी स्वच्छ झाली. मग बाबा झोपेतच गेले, आणि तेव्हापासून ती सगळ्या फायली पालथ्या घालत होती. एक शब्द सापडला नाही. आईला हे सांगायची तिला लाज वाटत होती.

आईने एकदम हात वर केला.

"थांब. खाकरले बघ. आता बोलतील."

आईने हेडफोनची एक बाजू सोडवून लेकीच्या कानाला लावली. दोघी डोक्याला डोकं टेकवून ऐकत राहिल्या. भिंत तशीच होती.

"गिळलं गं," आई हळूच म्हणाली. "तोंडाशी आलेलं गिळलं या माणसाने. जन्मात पहिल्यांदा." ती हसली आणि हसता हसता तिचा आवाज चिरकला. "काय सांगायचं होतं गं त्यांना?"

त्या दिवशी हा शॉट संपून कॅमेरा थांबल्यावर बाबांनी शाळेतल्या पोरासारखं बोट वर केलं होतं. "झालं? आता बोलू?"

"नंतर, बाबा. उजेड जातोय," म्हणून ती पुढच्या खोलीत निघून गेली होती.

"मागाहून विचारलंस ना तू?" आई म्हणाली.

तिने मान खाली घातली आणि शॉट पुन्हा पहिल्यापासून लावला.