का. सरजाबाई

लग्न आठ दिवसांवर आलं आणि धम्मशीलाची आजी पत्रिकेत वारली. प्रत्यक्षात सरजाबाई पेडगावच्या घरी ओसरीवर बसून तुरीच्या शेंगा सोलत होती आणि तिचा आवाज चार घरं ओलांडून जात होता.

झालं असं. बौद्धांच्या पत्रिकेत जिवंत माणसाच्या नावाआधी ‘आयु.’ लावतात, म्हणजे आयुष्मान नाहीतर आयुष्मती. आणि गेलेल्याच्या नावाआधी ‘का.’, म्हणजे कालकथित. धम्मशीलानं स्वच्छ अक्षरात लिहून दिलं होतं, ‘का. नागनाथ व आयु. सरजाबाई यांची नात’. छापखान्यातल्या रामला वाटलं, नवरा-बायकोला एकच बिरुद शोभतं. त्यानं भल्या मनानं दोघांनाही ‘का.’ लावून टाकलं. तपासायला आलेला नमुना धम्मशीलाच्या वडिलांनी, म्हणजे सुगतरावांनी, नुसती तारीख बघून मंजूर केला. निम्म्या पत्रिका वाटून झाल्या, तेव्हा पालमच्या रेणुकामावशीचा रडत रडत फोन आला, की आजी कधी गेल्या आणि आम्हाला कसं कळवलं नाही.

धम्मशीलानं उरलेल्या पत्रिका गोळा केल्या. पाहुण्यांना फोन करून समजावता आलं असतं, पण भीती आजीचीच होती. पावसाळ्यात न्यूमोनियानं आडवी पडलेल्या म्हातारीनं डॉक्टरला बजावलं होतं, की नातीच्या लग्नाआधी मी कुठं जाणार नाही. तिनं स्वतःलाच मेलेलं वाचलं तर तिच्या काळजाचं काय होईल? आणि ती वाचणारच होती. दोन वर्षांपूर्वी धम्मशीलानंच तिला साक्षरता वर्गात बसवलं होतं, आणि तेव्हापासून आजी बिस्किटाचा पुडासुद्धा वाचल्याशिवाय फोडत नव्हती.

पत्रिकांचा गठ्ठा कुठं लपवावा या विचारात ती ओसरीवर आली, तर एक पत्रिका आजीच्या मांडीवर आधीच उघडी. बोट बरोबर त्याच जागी.

“धम्मा, हे का. म्हंजे काय गं?”

धम्मशीला बोरीच्या शाळेत मराठी शिकवायची. पोरांकडून शंभर संक्षेप तोंडपाठ करून घेतलेली बाई, पण ऐन वेळी तोंडाला येईल ते बोलून गेली.

“कारभारीण.”

आजीचं बोट डावीकडं सरकलं. “अन् तुह्या आजोबाचा का.?”

“कारभारी.”

आजीनं ‘कारभारीण’ हा शब्द एकदा मोठ्यानं म्हणून पाहिला. मग पदर खोचून उठली. त्या दिवसापासून तिनं मांडववाल्याला कमान दोनदा हलवायला लावली, आचाऱ्याच्या भाजीत मीठ कमी काढलं आणि सुगतरावांना न विचारता वऱ्हाडाची मुक्कामाची जागा बदलली. कुणी हूं की चूं केलं की पत्रिका नाकासमोर धरायची. घरातल्यांनी हसू गिळून गिळून पोट भरलं. रेणुकामावशी डोळे पुसतच एसटीतून उतरली, तिला आजीनं पाणी दिलं आणि लगेच भाकरी थापायला बसवलं.

लग्नाच्या सकाळी आजी नातीच्या पांढऱ्या साडीच्या निऱ्या नीट करत होती. धम्मशीलाला राहवेना. ज्या म्हातारीला आपण वाचायला शिकवलं, तिलाच फसवून घराबाहेर पडायचं, हे तिला फार लागत होतं. तिनं सगळं सांगून टाकलं.

आजीनं मान वर केली नाही.

“ठाऊक हाय मला. तुहा आजोबा लय चांगला माणूस, पर उभ्या जन्मात त्यानं एक दिस कारभार केला न्हाई. त्याला कारभारी म्हणलीस, तवाच वळखलं, पोरगी खोटं बोलायली.”

“मग तवाच बोलली का न्हाईस?”

आजीनं शेवटची निरी खोचली, पिन लावली आणि साडीवरून हात फिरवला.

“साठ वर्सं हे घर चालवलं, माय. कारभारीण म्हणून पयल्यांदाच कुणी म्हणलं. ते मी कशाला खोडू?”