हुकमानंतरचे कुलूप

मी एक जुने लोखंडी फाटक आहे. आता फार बोलवत नाही, मित्रांनो. पण जे झाले ते कुणाला तरी सांगायला हवे.

पालीच्या सदू कारागिराने मला जोडले आणि हिरवा रंग दिला. आप्पांनी मला आपल्या आंब्याच्या बागेपाशी, पाखाडीवर उभे केले. जांभ्या दगडाच्या पायऱ्यांची ही पाखाडी म्हणजे वरच्या वाडीची रस्त्यावर यायची जवळची वाट. गुरांनी कलमे खाऊ नयेत एवढेच माझे काम होते. माणसे खुशाल येत-जात. दर दिवाळीला आप्पा माझ्या बिजागऱ्यांना तेल घालत. फाटक असावे तर असे, असे लोक म्हणत. बरे दिवस होते ते.

मग वरच्या वाडीतल्या मालनशी आप्पांचे बांधावरून बिनसले आणि माझ्यावर कुलूप आले. मालनचा नवरा मुंबईला कामाला. घरात ती, मुलगी वेदिका आणि सासू जनी. मालनने रत्नागिरीच्या न्यायालयात दावा लावला. वाट मोकळी ठेवा, असा हुकूम झाला. कुलूप लावणार नाही, अशी लेखी हमी आप्पांनी दिली. न्यायालयाचा बेलीफ पाहणीला आला तेव्हा मी सताड उघडे होते. तसे तो लिहून घेऊन गेला. त्याची मोटारसायकल वळणाआड गेली आणि आप्पांनी पुन्हा कुलूप घातले. असे तीनदा झाले. तीनदा माझ्याकडून खोटी साक्ष देववली गेली.

भाद्रपदात जनी घसरून पडली, खुब्याचे हाड मोडले. चौघांनी तिला खुर्चीत बसवून खाली आणले. माझे गज धरून मालनने आप्पांना हाका मारल्या. आप्पा माझ्यासमोरच्या आपल्या घराच्या पडवीतच होते. उठले नाहीत. अखेर माणसे भाताच्या खाचरांतून, चिखलाच्या बांधावरून लांबच्या वाटेने निघाली. एकाचा पाय सरकला आणि जनी खुर्चीसकट खाचरात पडली. ती पुन्हा चालली नाही. शिमग्याच्या आधी गेली.

मग मालनने न्यायालयाच्या अवमानाचा अर्ज केला. आप्पांनी माफीनामा लिहून दिला. त्या दिवशी घरी येऊन ते खालच्या आवाजात बायकोला सांगत होते, तेव्हा मला कळले. न्यायाधीशबाईंनी माफीनामा वाचून बाजूला ठेवला होता आणि म्हटले होते, "आधी फाटक काढा. सोमवारपर्यंत निघाले नाही, तर तुरुंगात जावे लागेल."

दुसऱ्या दिवशी सकाळी आप्पा पाना घेऊन आले. सत्तरी उलटलेली, नट गंजून बसलेले. पायऱ्या उतरून मालन आली आणि तिने माझी दुसरी बाजू धरली.

"तू कशाला आलीस?" आप्पांनी विचारले.

"तुमच्या अंगावर पडंल. मी धरतंय, तुमी सोडवा."

आप्पांनी दोन नट काढले. मग वर न बघता म्हणाले, "मालन, त्या दिवशी मी तुझी हाक ऐकली होती."

तिने माझा गज घट्ट धरला. "तिसरा नट सोडवा," एवढेच म्हणाली.

आता मी गवताच्या उडवीमागे पडून आहे. मित्रांनो, न्यायाचा हुकूम झाला की त्याच दिवशी पाळा. बेलीफ येईल तेवढ्यापुरता नको, तुरुंगाचे नाव निघाल्यावर नको. मी लोखंड. मला आपणहून उघडता येत नव्हते. तुम्हाला येते.